वाऱ्याचा धर्म आणि दांडिया बाजारातील अगाशी

न्यूझीलंडमधील आमच्या वेलिंग्टनच्या घरी दर शनिवारी संध्याकाळी माझा मुलगा आणि त्याचे चार मित्र जेवणाच्या टेबलाभोवती बसून एक कल्पित जग रचतात. प्रत्येकाने एक पात्र घ्यायचे, फासे टाकायचे आणि गोष्ट पुढे न्यायची, असा हा खेळ आहे. गेल्या वर्षी त्या जगातील डोंगराळ बेटांवर राहणाऱ्या लोकांसाठी एक धर्म हवा होता, आणि ते लोक वाऱ्याला भजतात एवढेच ठरले होते. मुलाने मला विचारले, मी बडोद्याला बाबांना फोन केला, आणि पुढचे सहा महिने आम्ही तिघे मिळून ‘अनिकेत पंथ’ घडवत राहिलो. ज्याला घर नाही तो अनिकेत. हे नाव बाबांचे.

मुलाच्या पहिल्या आराखड्यात संगमरवरी देऊळ होते आणि पंख असलेली मूर्ती होती. अथेन्समधील वाऱ्यांचा मनोरा त्याने चित्रात पाहिला होता. त्या अष्टकोनी इमारतीवर बोरियास, झेफिरस, नोटस असे आठ दिशांचे आठ वारे माणसांच्या रूपात कोरलेले आहेत. बाबांना हे पटले नाही. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील १६८ व्या सूक्तात वाऱ्याविषयी असे म्हटले आहे की त्याचा घोष ऐकू येतो, रूप मात्र दिसत नाही. बाबांनी ते सूक्त फोनवर म्हणून दाखवले आणि विचारले, ‘‘ज्याला रूपच नाही, त्याला तू चेहरा कुठून आणणार?’’ तेथून आमच्या पंथाची दिशा बदलली. मूर्ती गेली, भिंतीही गेल्या. डोंगरमाथ्यावर चार खांब आणि वर छप्पर नाही, एवढेच त्यांचे देवस्थान. पुजाऱ्याच्या जागी ‘कानोसी’ आला, म्हणजे पहाटे त्या खांबांमध्ये उभा राहून वाऱ्याचा कानोसा घेणारा. होळीच्या ज्वाळा कोणत्या दिशेला झुकल्या यावरून येणाऱ्या पावसाचा अंदाज बांधणारी वडीलधारी माणसे आपल्याकडे गुजरातेत आजही आहेत, त्यामुळे कानोशाचे काम मला कोणाला समजावून सांगावे लागले नाही.

ज्या देवाचे भय वाटत नाही त्याचा धर्म कागदावरच राहतो, हे मला या शहराने शिकवले. वेलिंग्टन कुक सामुद्रधुनीच्या तोंडाशी आहे. दोन बेटांमधील त्या अरुंद वाटेतून वारा असा दाटून येतो की कित्येकदा रस्त्यावर दिव्याचा खांब धरून उभे राहावे लागते. १० एप्रिल १९६८ रोजी याच बंदराच्या तोंडाशी ‘वाहिने’ हे प्रवासी जहाज वादळात खडकावर आदळून बुडाले आणि पन्नासहून अधिक माणसे गेली. येथील मूळ रहिवासी माओरी लोकांच्या परंपरेत तावहिरीमातेआ हा वारा-वादळांचा देव आहे. आकाशपिता आणि पृथ्वीमाता यांना त्यांच्या मुलांनी एकमेकांपासून दूर केले, तेव्हा रागावलेल्या तावहिरीमातेआने आपले डोळे उपटून आकाशात भिरकावले. त्या तारकांना मातारिकी म्हणतात, म्हणजे आपल्या कृत्तिका. त्यांच्या उदयानिमित्त २०२२ पासून देशभर सार्वजनिक सुटी असते. या कथेतील काहीही आमच्या खेळात घ्यायचे नाही, असे मी मुलांना आग्रहाने सांगितले, कारण तो शेजाऱ्यांचा जिवंत वारसा आहे आणि आमच्या घरातील टेबलावरचा डाव तो नव्हे.

तरीही पंथाचा मुख्य विधी काही सुचत नव्हता. तो या जानेवारीत सापडला, उत्तरायणासाठी आम्ही बडोद्याला आलो तेव्हा, दांडिया बाजारातील आमच्या अगाशीवर. सकाळी सातला बाबा किन्ना, म्हणजे पतंगाला दोरी जोडण्याचा दोरा, बांधायला बसले होते. त्यांनी पतंग उन्हासमोर धरून कामटी सरळ आहे का ते पाहिले, पेटत्या उदबत्तीच्या टोकाने कागदाला चार बारीक भोके पाडली, दोरा ओवला आणि वरच्या व खालच्या दोऱ्याची लांबी बोटाने मोजून गाठ मारली. मग पतंग कपाळाएवढ्या उंचीवर धरून ते थांबले. सगळ्या पोळेत, म्हणजे आमच्या गल्लीत, पिपाण्या वाजत होत्या, शेजारच्या अगाशीवरून ‘‘काप्यो छे’’, म्हणजे पतंग कापला, अशी आरोळी उठत होती, आणि बाबा मात्र कोणाची तरी वाट पाहावी तसे स्तब्ध होते. माझ्या मुलाने विचारले, ‘‘आजोबा, काय करताय?’’ ते म्हणाले, ‘‘तो येईल तेव्हाच सोडायचा. आपण ओढून काही होत नाही.’’

दिवसभर ढील आणि खेच चालली. काचेचा मांजा आमच्या घरी येत नाही. संध्याकाळी परतणाऱ्या पक्ष्यांचे पंख त्याने कापले जातात, म्हणून बाबा साधी सुती दोरी वापरतात आणि त्यामुळे आमचे पतंग सर्वांत आधी कटतात. दिवेलागणीला एकच पतंग उरला होता. बाबांनी फिरकी मुलाच्या हाती दिली, पतंग चांगला उंच जाऊ दिला आणि मग सावकाश दोरी गुंडाळून तो हातात उतरवला. नंतर किन्न्याची गाठ सोडली आणि नुसता कागद कठड्यावरून वाऱ्यावर दिला. पतंग दोन गोते खाऊन समोरच्या कडुलिंबामागे गेला. ‘‘त्याचे होते, त्याला दिले,’’ एवढेच ते म्हणाले.

अनिकेत पंथाचा सण तोच झाला. वर्षभर जपलेली, वाऱ्यावर चालणारी एक वस्तू, मग ती शीड असो वा पताका वा सूप, गाठ सोडून त्याला परत द्यायची. यातूनच बाकीचे नियम आपसूक उलगडत गेले. वारा बांधून ठेवणे हे पाप. दिवा फुंकून विझवायचा नाही. आपल्या घरांतही दिवा शांत करतात, फुंकत नाहीत. फुंकर राखून ठेवायची ती दुखऱ्या जागेसाठी. गुडघा खरचटलेल्या मुलाला आई जशी फुंकर घालते, तोच या पंथाचा आशीर्वाद, आणि तो देण्याचा अधिकार कोणालाही आहे. मला या साऱ्या रचनेत हा नियम सर्वांत प्रिय आहे.

वाद झाला तो पवनचक्कीवरून. आमच्या घरातून ब्रुकलिनच्या टेकडीवरील पवनचक्की दिसते. पहिली १९९३ मध्ये उभारली होती, २०१६ मध्ये तिच्या जागी नवी आली. मुलाच्या एका मित्राचे म्हणणे असे की चक्की म्हणजे वाऱ्याला जुंपणे, तेव्हा ते पापच. दुसऱ्याचे म्हणणे, पाते फिरते हेच भजन. दोन शनिवार यावर गेले आणि बेटांवर दोन तट पडले. शेवटी असे ठरले की चक्की चालेल, पण सणाच्या रात्री जात्यात दाणा घालायचा नाही. त्या रात्री तिने केवळ त्याच्यासाठी फिरावे.

दिशेचा प्रश्न अजून मिटलेला नाही. बाबांच्या मते मरणाऱ्याचे तोंड वायव्येला असावे, कारण ती वायूचीच दिशा आहे आणि शब्दातही तेच आहे. वेलिंग्टनला वर्षातील बराच काळ वारा त्याच बाजूने येतो, हे कळल्यावर तर त्यांना फार आनंद झाला. मुलगा म्हणतो, हाडे गोठवणारा आणि जहाजे बुडवणारा वारा येथे दक्षिणेकडून येतो, म्हणून शेवटी सामोरे जायचे ते त्याला. काल रात्री फोनवर दोघांचे पुन्हा हेच चालले होते. बाहेर दक्षिणेचा वारा सुटला होता आणि खिडकी थडथडत होती. मुलाने फोन उचलून काचेला लावला, आणि बडोद्याला बाबा बराच वेळ काही न बोलता ऐकत राहिले.