एमराल्डमध्ये राल्ट्स: रूट १०२ च्या गवतापासून गार्डेव्हॉरपर्यंत

पोकेमॉन एमराल्ड हा गेम बॉय अॅडव्हान्सवरचा खेळ सुरू केल्यावर पहिल्या तासाभरातच रूट १०२ लागतो. ओल्डेल टाउन आणि पेटलबर्ग सिटी यांच्यामधला हा छोटासा रस्ता. बहुतेक जण तो भराभर ओलांडून पुढे जातात, पण याच गवतात राल्ट्स हा सायकिक (मनःशक्तीच्या) प्रकारचा पोकेमॉन आहे आणि तो दिसण्याची शक्यता फक्त ४ टक्के आहे. माझ्या मते होएनच्या (खेळातल्या प्रदेशाच्या) सुरुवातीच्या भागात वेळ घालवण्यासारखी ही सर्वांत मोलाची शिकार आहे. राल्ट्सचे पुढे उत्क्रांती होऊन गार्डेव्हॉर होते, आणि त्यासाठी ना खास दगड लागतो, ना कुणाशी अदलाबदल, ना मैत्री वाढवण्याचा खटाटोप. लेव्हल २० ला कर्लिया, ३० ला गार्डेव्हॉर. बस्स.

तुलना करायची तर अबराशी करा. तोही सायकिक, ग्रॅनाइट केव्हमध्ये मिळतो, पण लढाई सुरू होताच पहिल्या चालीत टेलिपोर्ट करून निघून जातो. शिवाय त्याचे शेवटचे रूप हवे असेल तर केबल आणि दुसरा खेळाडू लागतो. राल्ट्स शोधायला अवघड, पण एकदा समोर आला की पळत नाही. रूट १०२ वर तो नेहमी लेव्हल ४ चा असतो आणि त्याला त्या वेळी ग्राउल ही एकच चाल येते. टेलिपोर्ट तो १६ ला शिकतो. त्यामुळे "हातातून निसटेल" या भीतीने घाईघाईत सगळे बॉल फेकण्याची गरज नाही. तो तुम्हाला इजाही करू शकत नाही आणि पळूही शकत नाही.

आधी गवताचा हिशोब समजून घेऊ, कारण सगळी युक्ती त्यावरच उभी आहे. एमराल्डमध्ये रूट १०२ वर पूचिएना ३० टक्के, वर्मपल ३० टक्के, लोटॅड २० टक्के, झिगझॅगून १५ टक्के, राल्ट्स ४ टक्के आणि सीडॉट १ टक्का अशी वाटणी आहे. ४ टक्के म्हणजे पंचविसाव्या वेळी हमखास मिळेल, असे नाही. १७ लढाया झाल्या की तोवर एकदा तरी दिसण्याची शक्यता जेमतेम निम्मी होते. ९० टक्के खात्री हवी असेल तर ५७ लढायांची तयारी ठेवावी लागते. तिशीपर्यंत येऊन "माझ्या कार्ट्रिजमध्ये राल्ट्सच नाही" म्हणत सोडून देणारे बरेच असतात. त्यांचा खेळ ठणठणीत असतो, लढायाच कमी पडलेल्या असतात.

आता लेव्हल बघा. या गवतात सगळे पोकेमॉन फक्त ३ किंवा ४ लेव्हलचे आहेत. १०० पैकी ६१ वेळा लेव्हल ३ चा पोकेमॉन येतो आणि ३९ वेळा लेव्हल ४ चा. राल्ट्स कायम ४ चाच. रिपेल (जंगली पोकेमॉन दूर ठेवणारी वस्तू) वापरलेला असताना तुमच्या पहिल्या शुद्धीवर असलेल्या पोकेमॉनपेक्षा कमी लेव्हलचे जंगली पोकेमॉन समोर येत नाहीत, बरोबरीचे मात्र येतात. म्हणजे टीममध्ये सर्वांत पुढे बरोबर लेव्हल ४ चा पोकेमॉन ठेवून रिपेल मारला, की लेव्हल ३ ची सगळी गर्दी गायब होते आणि उरलेल्या ३९ पैकी ४ राल्ट्स असतात. ४ टक्क्यांचे थेट १० टक्क्यांहून थोडे जास्त. निम्मी शक्यता गाठायला ७ लढाया पुरतात आणि ९० टक्क्यांसाठी साधारण २२. पावले मात्र जवळपास तितकीच चालावी लागतात. रिपेलमुळे राल्ट्स लवकर येत नाही, मधल्या नको असलेल्या लढाया गळतात. खरा वेळ खातो तो लढाईचा पडदा उघडण्या-मिटण्यात, म्हणून फरक चांगलाच जाणवतो.

इथे हमखास चूक होते ती अशी: स्टार्टर (सुरुवातीला निवडलेला पोकेमॉन) लेव्हल ५ चाच मिळतो आणि पहिल्या एक-दोन लढायांत तो आणखी वर जातो. त्याला पुढे ठेवून रिपेल मारला तर रूट १०२ वर एकही पोकेमॉन येणार नाही. लोक शंभर पावले चालतात आणि युक्ती खोटी म्हणून मोकळे होतात. पुढे लेव्हल ४ चाच हवा, ५ चा नाही, ३ चाही नाही.

तो लेव्हल ४ चा पोकेमॉन कोणता? पूचिएना, आणि त्याला ठोस कारण आहे. या पिढीत पूचिएनाची अॅबिलिटी (अंगभूत गुण) रन अवे असते, म्हणजे जंगली पोकेमॉनपासून पळताना तो कधीच अडकत नाही. वर्मपल किंवा लोटॅड पुढे ठेवला तर समोरचा वेगवान निघाल्यावर "पळता आले नाही" हा संदेश येतो, मार बसतो, आणि तोच प्रकार पुनःपुन्हा होतो. लेव्हल ४ चा पूचिएना याच गवतात १० टक्के वेळा येतो, त्यामुळे तो मिळवणे काही कठीण नाही.

क्रम असा ठेवा. रूट १०३ वर तुमच्या प्रतिस्पर्ध्याशी, म्हणजे मे किंवा ब्रेंडनशी, लढून प्रोफेसर बर्चच्या लॅबमध्ये परत या. तिथे पोकेडेक्स आणि ५ पोके बॉल मिळतात. त्याआधी ओल्डेलच्या पश्चिमेला पाऊलखुणा रेखाटणारा माणूस वाट अडवून उभा असतो, म्हणून लवकर जाण्याचा प्रयत्न फुकट. मग रूट १०२ वरच्या सगळ्या ट्रेनरना स्टार्टरच्या जोरावर आधी हरवून टाका. हे महत्त्वाचे आहे, कारण नंतर पूचिएना पुढे असताना एखाद्या ट्रेनरची नजर पडली तर त्या एका लढाईत तो ५ वर जाऊ शकतो आणि सगळी मांडणी मोडते. वाटेत लेव्हल ४ चा पूचिएना पकडा, पेटलबर्गला जाऊन सगळ्यांना बरे करून घ्या आणि पोके मार्टमध्ये खरेदी करा. रिपेल ३५० चा, चालतो १०० पावले. पोके बॉल २०० चा. खेळ सुरू होताना खिशात ३००० असतात, शिवाय ट्रेनरना हरवल्याचे पैसे मिळतात. तीन रिपेल आणि पाच बॉल घेतले तर २०५० होतात. सुरुवातीला तेवढे पुरे.

मग पूचिएना पुढे, रिपेल चालू, आणि पेटलबर्गच्या बाजूच्या गवतात येरझाऱ्या. राल्ट्स नसेल त्या प्रत्येक लढाईतून पळून जा, एकालाही हरवू नका. पूचिएनाला अनुभवाचे गुण मिळू द्यायचे नाहीत. या पिढीत पोकेमॉन पकडल्याबद्दल अनुभव मिळत नाही, त्यामुळे राल्ट्स पकडल्यानंतरही पूचिएना ४ वरच राहतो आणि दुसऱ्या राल्ट्सचा शोध तसाच पुढे चालू ठेवता येतो.

राल्ट्स दिसला की पहिल्या क्षणी पडद्यावर काय येते ते नीट वाचा. त्याच्या दोन अॅबिलिटी असतात, सिंक्रोनाइझ किंवा ट्रेस, निम्मी निम्मी शक्यता. ट्रेस असेल तर लढाई सुरू होताच त्याने तुमच्या पूचिएनाची रन अवे उचलल्याचा संदेश येतो. संदेश आला नाही तर तो सिंक्रोनाइझवाला. म्हणजे बॉल फेकण्याआधीच तुम्हाला कळते की हाती काय लागणार आहे. इतक्या सुरुवातीला अशी माहिती फुकटात मिळते, हे मला फार आवडते.

पकडताना जपायचे ते त्याच्या जिवाला. लेव्हल ४ च्या राल्ट्सचे एचपी फक्त १६ किंवा १७ असतात आणि डिफेन्स अगदीच कच्चा. लेव्हल ८-९ च्या स्टार्टरचा एक जोरदार फटका, त्यात क्रिटिकल लागला, की तो बेशुद्ध आणि शोध पुन्हा पहिल्यापासून. पूचिएनाचा टॅकल एका फटक्यात साधारण ३-४ एचपी नेतो, तेच उत्तम. पूर्ण एचपीवर साध्या बॉलने पकडण्याची शक्यता ३० टक्क्यांच्या आसपास असते, निम्म्या एचपीवर ती ६० टक्क्यांपर्यंत जाते. म्हणून दोन टॅकल, मग बॉल. तिसरा टॅकल मारण्याचा मोह टाळा, कारण क्रिटिकल लागला तर दुप्पट नुकसान होते. विषाचा वापर तर नकोच. बॉल फसला की दर चालीला विष एचपी खाते, आणि इतक्या कमी एचपीवर थोड्याच चालींत खेळ आटोपतो.

पेटलबर्गमध्ये जिम लीडर नॉर्मनला (खेळातल्या तुमच्या वडिलांना) भेटलात की तो वॉली नावाच्या मुलाला तुमच्यासोबत याच गवतात पाठवतो आणि वॉलीला पहिल्याच झटक्यात राल्ट्स मिळतो. ती लढाई कथेसाठी ठरवून ठेवलेली आहे, त्यावरून गवताचा अंदाज बांधू नका.

पकडल्यावरचा टप्पा खरा कंटाळवाणा, आणि बरेच जण इथेच राल्ट्सला बॉक्समध्ये टाकतात. त्याच्याकडे हल्ल्याची एकही चाल नसते. कन्फ्युजन लेव्हल ६ ला येते. राल्ट्सची वाढही संथ गटातली, ४ वरून ६ वर जायला १९० गुण लागतात. त्याला पुढे ठेवायचे, लढाई सुरू होताच स्टार्टर आत घ्यायचा, आणि जिंकल्यावर दोघांना निम्मे निम्मे गुण. रूट १०२ वरच्या लेव्हल ३ च्या वर्मपलमागे राल्ट्सच्या वाट्याला ११ गुण येतात, म्हणजे सतरा-अठरा लढाया. त्यापेक्षा पेटलबर्ग वुड्समध्ये जा. तिथले सिलकून आणि कॅस्कून लेव्हल ५ चे असतात, एकाचे ५१ गुण मिळतात, त्यातले २५ राल्ट्सला. आठ लढायांत काम होते. शिवाय या कोषांना हार्डनखेरीज काही येत नाही, त्यामुळे राल्ट्स समोर उभा असला तरी त्याच्या केसालाही धक्का लागत नाही. कन्फ्युजन आल्यावर हेच कोष त्याने एकट्याने मारायचे, पूर्ण ५१ गुण.

याच जंगलात पूचिएनाही फिरतात आणि तिथला टीम अॅक्वाचा माणूसही पूचिएनाच काढतो. डार्क प्रकारावर सायकिक चाली अजिबात चालत नाहीत. कन्फ्युजन मारली आणि काहीच झाले नाही, तर खेळात बिघाड नाही, समोर डार्क आहे. पुढे ग्रॅनाइट केव्हमधल्या सेबलायबाबतही हेच. अशा वेळी राल्ट्सला लगेच मागे घ्या.

टॉर्चिक हा आगीचा स्टार्टर निवडला असेल तर रॉक्सॅनच्या, म्हणजे दगडी पोकेमॉनच्या पहिल्या जिममध्ये राल्ट्सची खरी मदत होते. तिचे दोन्ही जिओडूड लेव्हल १२ चे. त्यांचा डिफेन्स दगडासारखा, पण स्पेशल डिफेन्स अगदी कमी, आणि कन्फ्युजन स्पेशल चाल आहे. फक्त त्यांचा मार राल्ट्सला झेपत नाही, म्हणून दुसऱ्या कुणाकडून आधी थोडे कमकुवत करून घ्या. ड्यूफर्डच्या ब्रॉलीकडे तर तो चमकतो: माचॉप आणि माकुहितावर कन्फ्युजन दुप्पट लागते आणि त्यांच्या फायटिंग चाली राल्ट्सवर निम्म्याच. मेडिटाइट मात्र स्वतः अर्धा सायकिक, त्याच्यावर साधाच परिणाम. ग्रॅनाइट केव्हमध्ये स्टीव्हनला पत्र दिल्यावर रस्टबोरोला मिस्टर स्टोनकडे परत जा, तो एक्सप शेअर (लढाईत न उतरताही अनुभवाचे गुण मिळवून देणारी वस्तू) देतो. तो सरळ राल्ट्सच्या हातात.

उत्क्रांती थांबवून ठेवावी का, हा प्रश्न नेहमी येतो. इथे उत्तर सोपे आहे: नाही. काम माइंड २१ ला आणि सायकिक २६ ला, या दोन्ही चाली राल्ट्स आणि कर्लिया एकाच लेव्हलला शिकतात. थांबून काही हाती लागत नाही, उलट कमजोर शरीर घेऊन फिरावे लागते. बी बटण दाबून चुकून थांबवली असेल तर पुढच्या लेव्हलला पुन्हा सुरू होते. २० झाल्यावरही बदल होत नसेल तर हातात एव्हरस्टोन (उत्क्रांती रोखणारा दगड) आहे का ते बघा. लेव्हल १६ ला येणारे टेलिपोर्ट मात्र ठेवू नका, जागा अडते. मॉव्हिल जिमच्या दारात वॉली भेटतो तेव्हा त्याचा राल्ट्स १६ चा असतो, आपला त्याच्या पुढेच असायला हवा.

लेव्हल ३० ला स्पेशल अटॅकचा मूळ आकडा कर्लियाच्या ६५ वरून गार्डेव्हॉरच्या १२५ वर उडी घेतो, स्पेशल डिफेन्स ५५ वरून ११५ वर. डिफेन्स मात्र ६५, त्यामुळे शारीरिक फटक्यांपासून तिला नेहमीच सांभाळावे लागते. मॉव्हिल जिमच्या वॉटसनला हरवून मिळालेली शॉक वेव्ह ही विजेची चाल तिला शिकवा. न चुकणारी आहे आणि उडणाऱ्या व पाण्यातल्या पोकेमॉनवर उपयोगी पडते. नंतर न्यू मॉव्हिलचे काम करून दिले की वॉटसन थंडरबोल्ट देतो, ती तिच्या जागी बसवा.

स्वभावाबाबत चोखंदळ असाल तर मॉडेस्ट किंवा टिमिड शोधा. पहिल्याने स्पेशल अटॅक १० टक्के वाढतो, दुसऱ्याने वेग, आणि दोन्हीत घटतो तो साधा अटॅक, ज्याची तिला गरजच नाही. एमराल्डमध्ये सिंक्रोनाइझवाला पोकेमॉन पुढे असेल तर निम्म्या वेळा जंगली पोकेमॉन त्याच स्वभावाचा येतो. तुमचा पहिला राल्ट्स सिंक्रोनाइझवाला आणि टिमिड निघाला, तर तो ४ वर असतानाच, काहीही न शिकवता, पूचिएनाच्या जागी पुढे ठेवून रिपेल मारा आणि दुसरा शोधा. पळताना कधीमधी अडकाल, तेवढे चालवून घ्या. नर-मादीचा विचार या खेळात करू नका, दोन्हींची गार्डेव्हॉरच होते. नर कर्लियाला डॉन स्टोन देऊन गॅलेड करण्याची सोय पुढच्या पिढीत, २००६ च्या डायमंड आणि पर्लपासून आली.