दहा सेकंद पुढे

लॉकडाऊनमध्ये आमच्याकडे पिक्चर बघायची पद्धत म्हणजे मोबाईल तेलाच्या बरणीला टेकवून ठेवायचा, समोर मेथी निवडायला बसायचं आणि सीन जरा रेंगाळला की ओल्याच अंगठ्यानं स्क्रीनवर उजवीकडे दोनदा टकटक, दहा सेकंद पुढे. दोन तासांचा सिनेमा दोन जुड्यांत उरकायचा.

त्याच दिवसांत अपिचातपोंग वीरसेथाकुलचं एक पत्र वाचलं. थायलंडचा दिग्दर्शक, 2010 ला फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात सगळ्यात मोठं बक्षीस मिळालेला, आणि याच्या सिनेमात माणसं झोपलेली असली तरी आपण ती बघत बसायचं. तर हा म्हणतो, एवढे दिवस कोंडून राहिल्यावर लोकांना आहे त्या क्षणात थांबायची सवय लागेल आणि मग त्यांना असलेच संथ, लांबलचक, फारसं काही न घडणारे सिनेमे हवेसे वाटतील. मी एकदा पत्राकडे बघितलं, एकदा मेथीकडे.

बाकीचे दिग्दर्शकही आपापल्या परीनं खटपट करतच होते. चीनच्या जिया झांगकेनं फोनवरच चारेक मिनिटांची 'व्हिजिट' ही फिल्म केली, त्यात पाहुण्याचा आधी ताप मोजतात, हात मिळवायचा तर प्रश्नच नाही, आणि शेवटी दोघं बसून पडद्यावर काय बघतात तर गर्दी! ते बघून खरंच गलबलून आलं, तेव्हा लोकलची गर्दीसुद्धा आठवायची हो. इराणच्या जाफर पनाहीला मात्र यात नवीन काय होतं, सिनेमा करायला बंदी आल्यावर त्यानं 2011 लाच घरात बसून सिनेमा केलेला.

अपिचातपोंगचा 'मेमोरिया' हा सिनेमा 2021 ला आला, तेव्हा अमेरिकेतल्या वितरकांनी जाहीर केलं की तो एका वेळी एकाच शहरात, एकाच थिएटरात दाखवणार, ओटीटीवर नाहीच. म्हणजे बरणीला टेकवायची सोयच नव्हती. हट्टी माणूस, पण आवडला मला.

ऑक्टोबर 2021 मध्ये आपल्याकडची थिएटरं दुसऱ्यांदा उघडली, क्षमता निम्मी, एकाआड एक खुर्ची रिकामी. हौसेनं गेले, मोबाईल पर्समध्ये तळाशी टाकला. मध्यंतरानंतर नायिका खिडकीशी उभी राहिली ती हलेचना, आणि माझा अंगठा खुर्चीच्या दांडीवर आपोआप दोनदा वाजला. नशीब, शेजारी कुणी नव्हतं.