शनिवारची सकाळची शाळा आणि शाळेमागचा माळ
(माजी विद्यार्थी, दहावी १९९२)

जीवशास्त्राच्या आमच्या सरांचा एक नेम होता. शनिवारची सकाळची शाळा सुटली की ज्याला यायचं त्याने भाकरी बांधून शाळेमागच्या माळावर यायचं. कुसळी गवत, तरवड, मधूनच एखादी बोर. भूम तालुक्यातल्या पोरांना त्यात नवल ते काय? सर मात्र ओढ्याच्या ओल्या वाळूपाशी उकिडवे बसत. “हे कुत्र्याचं नाही. नीट बघ.” कुत्रं हुंगत, भरकटत जातं, लांडगा सरळ रेषेत, मागचा पाय बहुतेक पुढच्याच्याच ठशात टाकत चालतो. प्लास्टर ऑफ पॅरिस ओतून घेतलेले ते ठसे प्रयोगशाळेच्या कपाटात अजून आहेत का, कुणीतरी बघून कळवा.

पुढे मी वन्यजीवांचे माहितीपट करू लागलो. शेजारच्या सोलापूर जिल्ह्यात नान्नजचं माळढोक अभयारण्य १९७९ पासूनचं, तरी मला माळढोक पहिल्यांदा दिसला तो थेट जैसलमेरकडे. १५ किलोपर्यंत भरणारा पक्षी, डोळे डोक्याच्या दोन्ही बाजूंना. समोरची विजेची तार वेळेवर दिसत नाही, आणि दिसली तरी एवढं धूड चटकन वळत नाही. मादी बहुधा एकच अंडं घालते. आता देशात जेमतेम १५० च्या आसपास उरलेत. लांडग्याच्या बाबतीत इतका उशीर नको, असं तिथेच ठरवलं.

१९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात लांडगा पहिल्या अनुसूचीत आहे, म्हणजे वाघाच्या पंगतीला. वाघाचं कौतुक मात्र त्याच्या वाट्याला नाही. एका वाहिनीने तर सुचवलं, शेरडू बांधा, हल्ला मस्त मिळेल. मी नाही म्हटलं, पैसे गेले. बिळाजवळ माणूस घुटमळला की मादी पिल्लं तोंडात धरून दुसरीकडे हलवते, म्हणून लांब लपण करून, वारा तोंडावर घेऊन बसायचं. शिवाराचं नाव मी फिल्ममध्ये घालत नाही. बिळात धूर करणारे अजून आहेत.

वाघर, म्हणजे मेंढरांभोवतीची जाळी, ठोकून राहिलेल्या एका धनगर आजोबांनी मला गाठलं. “आमचीच शेरडं खातंय, आन तुमी त्येचाच फोटू काढायलाव व्हय?” काय बोलणार! रात्री लॅपटॉपवर चित्रण दाखवलं. मादी बिळाशी येते, पिल्लं तिच्या तोंडाला भिडतात, आणि ती पोटातलं मांस त्यांच्यापुढे ओकते. मला वाटलं, म्हातारा विरघळणार. त्यांनी विचारलं, “पंचनाम्याला ह्ये चालतंय का?”

प्रश्न रास्त होता. लांडग्याने शेळी मारली तर वनखात्याकडून भरपाई मिळते, भटक्या कुत्र्यांनी मारली तर नाही. त्यामुळे कुत्र्यांचं पापही लांडग्याच्याच नावावर चढतं, आणि वन कर्मचारी येईपर्यंत ठसे मेंढरांच्या पायांखाली पुसले जातात. तेव्हापासून कॅमेऱ्याबरोबर प्लास्टरची पिशवीही असते; धनगरांच्या वाड्यावरची पोरं आता माझ्यापेक्षा चांगला ठसा उचलतात.

फिल्म तयार आहे. मुख्याध्यापकांनी पटांगण दिलं तर शाळेच्या महोत्सवाच्या रात्रीच दाखवू. पडदा, प्रोजेक्टर माझा. पुढची रांग मेंढपाळांसाठी राखून ठेवा, आणि लाईट जाणार हे धरून जनरेटरचं तेवढं शाळेने बघावं.