व्हर्च्युअलबॉक्स आणि सिक्युअर बूट: अडचण नेमकी कुठे येते

उबुंटू या लिनक्स प्रणालीवर व्हर्च्युअलबॉक्स, म्हणजे संगणकात दुसरा आभासी संगणक (व्हर्च्युअल मशीन) चालवणारा प्रोग्रॅम, बसवणे वरकरणी सोपे वाटते, कारण त्याचे पॅकेज उबुंटूच्या रिपॉझिटरीतच (सॉफ्टवेअरच्या भांडारातच) असते. माझेही इन्स्टॉलेशन निर्विघ्न पार पडले. पण पहिले व्हर्च्युअल मशीन सुरू करताच कर्नल (प्रणालीचा गाभा) ड्रायव्हर लोड झालेला नसल्याचा संदेश आला.

प्रोसेसरमधील व्हीटी-एक्स किंवा एएमडी-व्ही या, आभासी संगणक चालवण्यास मदत करणाऱ्या सुविधेचा उपयोग करण्यासाठी व्हर्च्युअलबॉक्सला स्वतःचे मॉड्यूल, म्हणजेच हा ड्रायव्हर, थेट कर्नलमध्ये लोड करावे लागते. कर्नल बदलला की हे मॉड्यूलही नव्याने कंपाइल व्हावे लागते, म्हणून चालू कर्नलशी तंतोतंत जुळणारे हेडर्स (कंपाइल करताना लागणाऱ्या फाइल्स) आणि कंपाइल करण्याचे काम परस्पर उरकणारे डीकेएमएस, ही दोन्ही आधीच असायला हवीत. माझ्याकडे ती होती. अडचण सिक्युअर बूटची, म्हणजे संगणक सुरू होताना फक्त सही असलेलेच सॉफ्टवेअर चालू देणाऱ्या संरक्षणाची, होती: ते चालू असताना, ओळखीच्या कीने (डिजिटल किल्लीने) सही न केलेले मॉड्यूल उबुंटूचा कर्नल स्वीकारत नाही.

त्यासाठी इन्स्टॉलेशनच्या वेळी मॉड्यूलवर सही करणारी मशीन ओनर की, अर्थात मॉक, तयार होते आणि एक तात्पुरता पासवर्ड ठरवावा लागतो. पुढच्या रीबूटला, लिनक्स सुरू होण्यापूर्वी, ही की नोंदवण्यासाठी निळ्या रंगाची स्क्रीन येते आणि एखादी कळ दाबण्यासाठी जेमतेम 10 सेकंद थांबते. त्या वेळी मी संगणकासमोर नव्हतो, त्यामुळे कीची नोंदच झाली नाही. मॉकयूटिल या कमांडने ती पुन्हा नोंदणीला लावली, रीबूट केल्यावर ‘एनरोल मॉक’ निवडून तोच पासवर्ड दिला आणि मॉड्यूल लोड झाले.

अशा वेळी सिक्युअर बूटच बंद करून टाकण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. मला तो पटत नाही. एका मॉड्यूलसाठी संपूर्ण संगणकाचे संरक्षण कमी करण्यापेक्षा पाच मिनिटे देऊन की नोंदवणे केव्हाही श्रेयस्कर.

ज्यांना ही खटपट नकोच असेल, त्यांनी केव्हीएमचा, म्हणजे आभासी संगणक चालवण्याच्या लिनक्सच्या स्वतःच्या सुविधेचा, विचार जरूर करावा. ते 2007 साली, 2.6.20 या आवृत्तीपासून, कर्नलचाच भाग झाले असल्याने त्याचे मॉड्यूल डिस्ट्रिब्युशनच्या कर्नलबरोबर सही होऊनच येते, आणि व्हर्ट-मॅनेजरमुळे त्याला खिडक्या-बटणांचा सोयीचा इंटरफेसही मिळतो. मी मात्र यूएसबी उपकरणे जोडण्याच्या सवयीच्या पद्धतीसाठी व्हर्च्युअलबॉक्सच ठेवले आहे. त्याकरिता आपले खाते ‘व्हीबॉक्सयूझर्स’ या गटात घालावे लागते आणि एकदा लॉग आउट करून पुन्हा लॉग इन करावे लागते. तोवर यूएसबीची यादी रिकामीच दिसते.