अवधाण

तुरीची सवंगणी झालेल्या शेतातून चालताना खाली पाहून चालावे, हे मी लहानपणापासून ऐकत आलो आहे आणि तरीही दर दोन-तीन वर्षांनी एकदा विसरतो. विळ्याने तिरपे कापलेले तुरीचे खुंट जमिनीतून वीतभर वर राहतात, वाळून सुळ्यासारखे टणक होतात, आणि साध्या चपलेच्या तळाचा त्यांच्यापुढे काही निभाव लागत नाही. यंदाच्या फेब्रुवारीत शेजाऱ्याच्या हरभऱ्याला घाटे किती लागले आहेत ते पाहत मी धुऱ्याच्या, म्हणजे बांधाच्या, कडेने चाललो होतो, आणि त्या परक्या पिकाच्या चौकशीची शिक्षा म्हणून उजव्या पायाच्या अंगठ्यामागे एक धसकट घुसले. ते ओढून काढले, घरी येऊन हळद भरली, दुसऱ्या दिवशी उपकेंद्रात जाऊन डाव्या दंडात धनुर्वाताचे इंजेक्शन घेतले आणि प्रकरण मिटले असे समजलो.

तिसऱ्या दिवशी पायाचे दुखणे बरेच कमी झाले होते, परंतु जांघेत सुपारीएवढी गाठ उभी राहिली होती. जखमेपायी अशी दूर उठणाऱ्या गाठीला आमच्याकडे अवधाण म्हणतात. ओसरीवर बसताना मी पाय जरा बाजूला टाकला, तेवढ्यावरून आईने ओळखले. गाठ केवढी आहे, दुखते किती, असे तिने काहीच विचारले नाही. "अवधाण आलं वाटते," ती म्हणाली, "आधी पायाले काय रुतून हाये थे पाह्य. गाठीले हात लावू नोको." सुई तापवून पाहिले, तेव्हा अंगठ्यामागच्या कातडीखाली तुरीची जोंधळ्याच्या दाण्याएवढी कपची खरोखरच राहून गेली होती.

शेजारच्या काकांनी विटकर तापवून गाठ शेकण्याचा सल्ला दिला होता, आणि आमच्या भागात पुष्कळ लोक तसेच करतात. पण दुखणे जिथे दिसते तिथे ते नाही, हे आईला शाळेचे तोंड न पाहता ठाऊक होते. तिच्याजवळ या गाठींचा एक नकाशाच आहे. पायाला लागले तर जांघेत, हाताला लागले तर काखेत, दाढ किडली तर जबड्याखाली, आणि पोरीच्या डोक्यात उवांनी खाजवून फोड झाले असतील तर मानेच्या मागे, केसांच्या कडेला. मी शाळेत तीस वर्षे विज्ञान शिकवले. लसीका ग्रंथींची आकृती फळ्यावर असंख्य वेळा काढली. आणि ती आकृती आईच्या नकाशाशी रेषेला रेष जुळते, हे माझ्या लक्षात येण्यासाठी तुरीचे धसकट रुतावे लागले.

माणसाच्या शरीरात अशा लसीका ग्रंथी सुमारे 500 ते 600 असतात. एरवी त्या मसुराच्या किंवा घेवड्याच्या दाण्याएवढ्या असतात, आकारही घेवड्यासारखाच, एका बाजूने फुगीर आणि दुसऱ्या बाजूने खोलगट. रक्तवाहिन्यांतून पाझरून पेशींच्या फटींत साचणारे पाणी गोळा करणाऱ्या बारीक नळ्या फुगीर बाजूने ग्रंथीत शिरतात, आणि गाळून निघालेले हे पाणी, म्हणजे लसीका, खोलगट बाजूने पुढे जाते. या नळ्यांना हृदयासारखा पंप नाही. नळीच्या भिंतीचे स्वतःचे आकुंचन, चालताना पोटरी-मांडीच्या स्नायूंचा पडणारा दाब आणि आतल्या एकाच दिशेला उघडणाऱ्या झडपा, एवढ्यावर पावलातले पाणी गुडघा, जांघ, पोट असे चढत छातीतून डाव्या मानेच्या मुळाशी येते आणि तिथे पुन्हा शिरेतल्या रक्तात मिसळते. दोन्ही पायांचे पाणी डावीकडेच जाते. उजव्या मानेकडे जाणारा लहान मार्ग फक्त उजवा हात, छातीची उजवी बाजू आणि डोक्याचा उजवा भाग एवढ्यांपुरता आहे. ही विषम वाटणी कशासाठी, असे मुले विचारत, आणि मी फळा पुसायला घेत असे.

प्रतिकारशक्तीबद्दल बोलताना आपण सगळेच सैन्याची भाषा वापरतो. पांढऱ्या पेशी म्हणजे शिपाई, जंतू म्हणजे शत्रू. मीही मुलांना हेच सांगितले. आता वाटते की त्या भाषेने मुख्य गोष्ट झाकून टाकली. शिपाई कुठे उभे राहतात, एकमेकांना कसे शोधतात, हा प्रश्न तिच्यात येतच नाही, आणि शरीरापुढची खरी अडचण तर तीच आहे. लसीकापेशी ही पांढऱ्या पेशींचीच एक जात, तिच्यात टी आणि बी असे दोन मुख्य प्रकार. टी नावाच्या लसीकापेशींपैकी प्रत्येकीला ओळखता येते ती जवळपास एकच खूण. एखाद्या नव्या जंतूची विशिष्ट खूण ओळखणारी पेशी लाखात एक, कधी दहा लाखांत एक निघते. ती एक पेशी त्या क्षणी डाव्या कानाच्या पाळीत असेल आणि जंतू उजव्या अंगठ्यामागे असेल, तर दोघांची गाठ पडायची कशी?

याचे उत्तर आमच्या गुरुवारच्या आठवडी बाजारात मिळते. आसपासच्या वीस खेड्यांतील माणसांनी एकमेकांना घरोघर शोधत हिंडायचे ठरवले, तर एक जोडी वांगी विकायला वर्ष लागेल. त्याऐवजी सगळे एका ठरलेल्या जागी येतात, आणि तिथेही वाटेल तिथे बसत नाहीत. मिरचीवाल्यांची ओळ वेगळी, सांबार-पालकवाल्या बाया वडाच्या बाजूला, भांड्यांची पाले रस्त्याकडे, बैलबाजार नाल्याच्या पलीकडे. कोणी पाटी लावलेली नाही, तरी आंधळ्यालासुद्धा भज्यांच्या आणि मिरचीच्या वासावरून आपण कुठे आहोत ते कळावे. लसीका ग्रंथीची रचना अगदी अशीच आहे, आणि वासाची गोष्ट तर जवळजवळ शब्दशः खरी आहे. ग्रंथीच्या बाहेरच्या कडेला बी पेशींचे गोल गोल पुंजके असतात, त्यांच्या आतल्या अंगाला टी पेशींचा पट्टा असतो, आणि गाभ्यात जंतू गिळणाऱ्या भक्षकपेशी व प्रतिपिंडे, म्हणजे जंतूंना चिकटणारी प्रथिने, तयार करणाऱ्या पेशी असतात. ही चौकट उभी करणाऱ्या जाळीदार पेशी जागोजागी वेगवेगळी रसायने सोडतात. बी पेशीला एक रसायन ओढते, टी पेशीला दुसरे, आणि त्या मागाने प्रत्येक पेशी आपल्या ओळीत जाऊन बसते. जाळी विणणाऱ्या या पेशी स्वतः एकही जंतू मारत नाहीत, म्हणून पाठ्यपुस्तकात त्यांना अर्धी ओळसुद्धा मिळत नाही. बाजारात पालांचे बांबू रोवणाऱ्या माणसाचेही असेच होते.

अंगठ्यामागे घडले ते साधारण असे असावे. कातडीच्या थरांत फांद्या फुटलेल्या आकाराच्या पेशी पहाऱ्याला बसलेल्या असतात. पॉल लँगरहान्स या जर्मन विद्यार्थ्याने 1868 मध्ये त्या पहिल्यांदा पाहिल्या आणि आकारावरून त्या मज्जातंतूच्या पेशी असाव्यात, असे मानले. त्यांचे खरे काम कळायला पुढे शंभर वर्षे गेली. धसकटाबरोबर आत गेलेल्या जंतूंचे तुकडे अशा पेशींनी गिळले, आणि एरवी जागा न सोडणाऱ्या त्या पेशी लसीकेच्या नळीत शिरून एखाद्या दिवसात जांघेतील ग्रंथीत, टी पेशींच्या पट्ट्यात येऊन पोहोचल्या. दुसरीकडून रक्तातील टी पेशी याच पट्ट्यात उतरत होत्या. ग्रंथीतील ठरावीक बारीक शिरांची भिंत लसीकापेशींना ओळखून आत घेते. एसटी जशी थांब्यावरच थांबते, तशा या पेशी प्रामुख्याने तिथेच उतरतात. साधारण अर्धा ते एक दिवस त्या ग्रंथीत हिंडतात, फांद्यांच्या पेशींनी मांडलेला माल पाहतात, आपली खूण दिसली नाही तर खोलगट बाजूने निघून पुढच्या बाजाराला जातात. लसीकापेशी अशा सतत फिरतीवर असतात हे ऑक्सफर्डच्या जेम्स गोवन्स यांनी 1950 च्या दशकाच्या अखेरीस उंदरांवर दाखवले. त्याआधी या पेशींना स्थिर, निरुपयोगी आणि लवकर मरणाऱ्या समजणारे विद्वान कमी नव्हते.

आणि गाठ का येते, याचे उत्तरही या येण्याजाण्यातच आहे. जंतूची वार्ता ग्रंथीत पोहोचली की आत येणारे रक्त वाढते, उतरणाऱ्या पेशी वाढतात, आणि बाहेर पडण्याची वाट काही काळापुरती बंद होते. पोळ्याच्या आधीच्या गुरुवारी येणारे येतच राहतात आणि झुला-घुंगरांच्या दुकानांपासून कोणी हलत नाही, तशी दाटी होते. त्या दाटीत ती लाखातली एक पेशी सापडली की ती दुभंगत जाऊन थोड्या दिवसांत हजारो होते. म्हणजे जांघेत ठणकत होती ती जखम नव्हती, गर्दी होती. विटकरीने शेकून ती पांगवायला मी निघालो होतो.

मला यातला सर्वांत आवडणारा भाग टी आणि बी पेशींच्या भेटीचा आहे. दोघींच्या ओळी वेगळ्या असतात, आणि उत्तम प्रतिपिंडे तयार व्हायची तर बी पेशीला टी पेशीची संमती लागते. खूण पटलेली बी पेशी तेव्हा आपल्या पुंजक्याच्या आतल्या कडेला येते, जागी झालेली टी पेशी आपल्या पट्ट्याच्या बाहेरच्या कडेला येते, आणि दोघी धुऱ्यावर भेटतात. आमच्याकडे वाटणीचे, पाण्याचे आणि पुष्कळदा सोयरिकीचेही बोलणे धुऱ्यावरच होते, त्यामुळे मला याचे नवल वाटले नाही. संमती मिळालेल्या काही बी पेशी पुंजक्यात परत जाऊन वाढू लागतात, वाढताना आपल्या प्रतिपिंडात लहानलहान बदल करतात, आणि ज्यांची पकड चांगली ठरते तेवढ्याच पुढे ठेवल्या जातात. बियाण्यासाठी ज्वारीची भरदार कणसे निवडून बाकीची कडब्याबरोबर टाकावीत, तसे. निवडून आलेल्यांपैकी कित्येक पेशी अखेर हाडांतल्या मज्जेत जाऊन राहतात आणि वर्षानुवर्षे प्रतिपिंडे स्रवत राहतात. माझ्या शरीरात त्या आठवड्यात असे दोन बाजार भरले होते, धसकटाचा उजव्या जांघेत आणि धनुर्वाताच्या लसीचा डाव्या काखेत; दुसरा अधिक शिस्तीचा असावा, कारण तिथे गाठ जाणवली नाही.

बी पेशीतले 'बी' हे अक्षर कोंबडीवरून आले आहे, हे मी शेवटच्या बाकावरच्या मुलांसाठी राखून ठेवत असे. कोंबडीच्या गुदद्वाराजवळ एक लहान पिशवी असते, तिला फॅब्रिशियसची पिशवी, म्हणजे 'बर्सा', म्हणतात. ती पिल्लूपणीच काढून टाकली तर पक्षी प्रतिपिंडे बनवू शकत नाही, हे ब्रूस ग्लिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1956 मध्ये प्रसिद्ध केले, तेही कुक्कुटपालनाच्या नियतकालिकात, त्यामुळे वैद्यकाच्या जगाने बराच काळ त्याकडे पाहिले नाही. आमच्या गावातील ब्रॉयलरचे शेड चालवणारा तरुण मात्र पिल्लांना गंबोरोची लस वेळेवर देतो, आणि गंबोरोचा विषाणू नेमका त्या पिशवीवरच घाव घालतो. माणसाला ही पिशवी नाही. आपल्या बी पेशी मज्जेतच तयार होतात. टी पेशी मज्जेतून निघून छातीच्या हाडामागील थायमस ग्रंथीत शिकायला जातात, आणि तिथल्या परीक्षेत बहुतेक सगळ्या नापास होऊन मरतात. इतका कडक निकाल मी कधी लावला नाही.

विदर्भात मात्र या रचनेची जाणीव ती बिघडल्यावरच अधिक झाली आहे. माझ्या लहानपणी आरोग्य खात्याची माणसे रात्री जेवणानंतर कंदील आणि काचपट्ट्या घेऊन बोटातले रक्त घ्यायला येत. हत्तीपायाच्या कृमीची पिल्ले रात्रीच रक्तात उतरतात म्हणून ती वेळ होती. मोठे कृमी लसीकेच्या नळ्यांत आणि ग्रंथींत मुक्काम करतात, झडपा निकामी करतात, आणि पाणी चढायची वाटच बिघडल्याने पाय भरत जातो. आमच्या गल्लीतल्या एका आजीचा पाय तसा होता. ती सणाला उंबऱ्याच्या आत पाय घेऊन बसे, आणि आम्हा मुलांना ते राग आल्यासारखे वाटे.

पानथरीचे, म्हणजे प्लीहेचेही असेच आहे. ती लसीका गाळत नाही, रक्त गाळते. सुमारे दीडशे ग्रॅमच्या त्या अवयवात लाल गरात जुन्या रक्तपेशी मोडल्या जातात आणि बारीक धमन्यांभोवतीच्या पांढऱ्या गरात टी आणि बी पेशींचे तसेच वेगवेगळे वाफे असतात. हिवतापाने ती वाढते, हे जुन्या माणसांना ठाऊक आहे. सिकलसेलच्या मुलांमध्ये विळ्यासारख्या वाकलेल्या पेशी तिच्या अरुंद फटींत अडकून राहतात आणि अनेकदा बालपणीच ती सुकून निकामी होते. अशा मुलाच्या रक्तातील पांढऱ्या पेशी मोजल्या तर कमी भरणार नाहीत, पण त्यांना जमायला ती जागा उरलेली नसते, आणि न्यूमोनियाच्या जंतूंपुढे ते मूल उघडे पडते. म्हणून लहानपणी त्याला रोज पेनिसिलिन आणि वेळेवर लसी द्याव्या लागतात. माझ्या वर्गात अशी दोन मुले होती. त्यांच्या गैरहजेरीवर मी हजेरीपटात लाल शाईने जे शेरे मारले, ते आज पुसता येत नाहीत.

कपची निघाल्यावर चार दिवसांत गाठ ओसरू लागली आणि आठव्या दिवशी हाताला जेमतेम लागेल एवढी राहिली. आईने रोज संध्याकाळी "उतरलं का?" एवढेच विचारले. त्या संध्याकाळी "उतरलं" असे सांगून मी गोठ्यात वैरण टाकायला गेलो. 2022 मध्ये लम्पीची साथ आली तेव्हा पशुवैद्याने आमच्या बैलाच्या खांद्यापुढची जागा दाखवली होती. अंगावर फोड उठण्याआधी तिथली गाठ लिंबाएवढी झाली होती, आणि मी ती जोखडाची सूज समजून तेल चोळत होतो. वैरण टाकून झाल्यावर मी तिथे बोटे रोवून पाहिली. नेहमीची लांबट, मऊ गाठ कातडीखाली लागली आणि बोटांतून सरकली. बैलाने माशी बसल्यासारखी कातडी थरथरवली आणि तोंड कडब्यात घातले.