पॅरामॅटा: नाव तेच, हद्द मात्र फिरती

सिडनीत स्थायिक झालेल्या मराठी घरांतून हॅरिस पार्क, वेस्टमीड, पॅरामॅटा ही नावं तुमच्या कानावर येतच असतील. सिडनीच्या मध्यापासून पश्चिमेला साधारण 24 किलोमीटरवरचा हा पट्टा. यातल्या पॅरामॅटाचं राजकीय वय फारसं कुणी सांगत नाही. सिडनी ज्या राज्याची राजधानी आहे, त्या न्यू साउथ वेल्सची पहिली विधानसभा 1856 साली निवडली गेली. तेव्हापासून प्रत्येक सार्वत्रिक निवडणुकीत लढवला गेलेला मतदारसंघ एकच, तो हा. बाकीची नावं आली, गेली, काही परत आली.

पहिल्या विधानसभेत 54 सदस्य होते आणि सुरुवातीला पॅरामॅटातून दोघे निवडून जात. त्यांतले हेन्री वॉटसन पार्कर त्याच वर्षी तेव्हाच्या ब्रिटिश वसाहतीचे प्रीमियर, म्हणजे आपल्या भाषेत मुख्यमंत्री, झाले. मतदान तेव्हा उघड होतं, गुप्त मतदान 1858 मध्ये आलं. मालमत्ता जितक्या मतदारसंघांत, तितक्या ठिकाणी मत देण्याची श्रीमंतांची सोय मात्र 1893 पर्यंत टिकली. बायकांना राज्याच्या निवडणुकीत मताचा हक्क 1902 मध्ये मिळाला.

सगळ्यात मजेशीर काळ 1920 ते 1927 चा. राज्यभर 24 मोठे मतदारसंघ करून 90 सदस्य प्रमाणशीर पद्धतीने, म्हणजे मतांच्या प्रमाणात जागा देऊन, निवडायचा प्रयोग झाला. पॅरामॅटा तेव्हा तीन सदस्यांचा होता. प्रयोग गुंडाळला गेला आणि 1927 पासून पुन्हा एक मतदारसंघ, एक आमदार.

नंतरचा इतिहास लेबर आणि लिबरल या दोन पक्षांच्या ओढाताणीचा. 1959 पासून 1988 पर्यंत लेबर. मग एक मुदत लिबरल. 1991 ला अँड्र्यू झिओल्कोव्स्की यांनी जागा लेबरकडे परत आणली, पण 1994 मध्ये पदावर असतानाच त्यांचं निधन झालं. पोटनिवडणुकीत त्यांच्या पत्नी गॅब्रिएल हॅरिसन निवडून आल्या, पुढे क्रीडामंत्रीही झाल्या. हा प्रकार आपल्याला अजिबात परका वाटणार नाही! 2011 मध्ये राज्यभर लेबरची धूळधाण उडाली, तेव्हा इथे लिबरल पक्षाचे जेफ ली जिंकले. ते 2023 पर्यंत राहिले. त्यानंतर शहराच्या लॉर्ड मेयर डॉना डेव्हिस लेबरकडून निवडून आल्या.

पण हे निकाल एकमेकांशेजारी मांडून ‘पॅरामॅटाने कौल बदलला’ म्हणणं धोक्याचं आहे, कारण मधल्या काळात मतदारच बदललेले असतात. नियम असा: दर दोन निवडणुकांनंतर हद्दींची फेररचना. त्यासाठी तिघांचं मंडळ असतं: एक आजी किंवा माजी न्यायाधीश, निवडणूक आयुक्त आणि राज्याचे सर्व्हेअर जनरल, म्हणजे भूमापन प्रमुख. राज्यातले एकूण मतदार भागिले विधानसभेच्या 93 जागा, म्हणजे दर मतदारसंघी साठ हजारांच्या आसपास. पुढच्या काही वर्षांचा अंदाज धरून प्रत्येक मतदारसंघ या आकड्याच्या 10 टक्के वरखाली या मर्यादेत बसला पाहिजे. नदीकाठी टॉवर उभे राहिले की मतदार वाढतात आणि मतदारसंघाचं क्षेत्रफळ आक्रसतं. एखादी वस्ती कापून शेजाऱ्याला दिली जाते, शेजाऱ्याची दुसरीकडे सरकते. आपल्याकडे 1976 च्या फेररचनेनंतर थेट 2008 चीच आली, त्यामुळे इथला वेग आपल्याला दमवतो.

नव्याने आलेल्यांचा खरा गोंधळ होतो तो तीन पॅरामॅटांमुळे. राज्याचा मतदारसंघ वेगळा, त्याच नावाचा संसदेचा मतदारसंघ वेगळा आणि नगरपालिका तिसरीच. उदाहरणार्थ, एपिंगचा कचरा पॅरामॅटा पालिका उचलते, पण तिथला आमदार एपिंग मतदारसंघाचा. उपनगराच्या नावावरून अंदाज बांधू नका, निवडणूक आयोगाच्या संकेतस्थळावर पूर्ण पत्ता टाका. घर बदललं की नोंदणीही बदला. कायम वास्तव्याचा परवाना मिळाला म्हणून मत मिळत नाही, नागरिकत्व लागतं. नागरिक झाल्यावर मत देणं सक्तीचं. सबळ कारणाशिवाय चुकवलं तर राज्याच्या निवडणुकीत 55 डॉलर दंड.

मतपत्रिका भरताना आणखी एक खड्डा आहे. इथे उमेदवारांपुढे पसंतीचे क्रमांक लिहायचे असतात. राज्याच्या विधानसभेसाठी एकाच उमेदवारापुढे 1 लिहिलं तरी मत वैध, पुढचे क्रमांक ऐच्छिक. संसदेच्या प्रतिनिधीगृहासाठी मात्र सगळ्या चौकटी भराव्या लागतात. राज्याची सवय तिथे नेली की मत बाद, आणि पश्चिम सिडनीत बाद मतांचं प्रमाण नेहमीच जास्त असतं.

नुसता 1 लिहिण्याचीही किंमत असते. समजा अ ला 22,000, ब ला 20,000 आणि क ला 6,000 मतं पडली. कोणालाच निम्म्याहून जास्त मतं नाहीत, म्हणून सर्वांत मागचा क शर्यतीतून बाहेर आणि त्याची मतं दुसऱ्या क्रमांकाप्रमाणे वाटली गेली. त्याच्या मतपत्रिकांपैकी 2,800 वर दुसरा क्रमांक ब, 700 वर अ, उरलेल्या 2,500 वर फक्त 1. झालं, ब 22,800 आणि अ 22,700. मागे असलेला ब शंभर मतांनी जिंकला आणि अडीच हजार लोकांना अंतिम लढतीत आवाजच नव्हता. काल्पनिक आकडे म्हणून सोडून देऊ नका: जवळच्याच राइड मतदारसंघात 2023 चा निकाल फेरमोजणीनंतर 54 मतांवर लागला. तेव्हा मतदान केंद्राबाहेर पक्षांचे कार्यकर्ते जे कागद हातात देतात, ते नुसते घडी घालून खिशात टाकू नका. कोणता पक्ष दुसरा क्रमांक कोणाला द्यायला सुचवतो, हे त्यावरच असतं.

राज्याची पुढची निवडणूक मार्च 2027 मध्ये, 2023 च्याच हद्दींवर. त्यानंतर नवे नकाशे येतील. मसुदा जाहीर झाला की कोणालाही लेखी हरकत घेता येते. मात्र ‘आमचा परिसर तोडू नका’ एवढंच लिहिलेली हरकत सहसा टिकत नाही. सोबत किती मतदार हलतील आणि ते कुठून भरून काढायचे, हा हिशोब द्यावा लागतो.