बेसी गेला, बँड वाजतोच आहे

शनिवार, रात्री उशिरा

संध्याकाळपासून काउंट बेसी ऑर्केस्ट्राच लावून बसलोय, म्हणजे अमेरिकन पियानोवादक काउंट बेसीचा मोठा जॅझ बँड. १९३५ साली कॅन्सस सिटीत उभा राहिलेला बँड अजून दौरे करतोय, हे डोक्यातून जातच नाहीये. एवढी सगळी माणसं, त्यांचा प्रवास, मुक्काम, पगार, हे गणित दुसऱ्या महायुद्धानंतर भल्याभल्यांना जमेनासं झालं, खुद्द बेसीला १९५० मध्ये बँड मोडून छोट्या ग्रुपवर यावं लागलं, पण १९५२ ला गड्याने परत पूर्ण बँड उभा केलाच. १९८४ ला तो गेला, तरी बँड थांबला नाही.

मला मात्र आज फ्रेडी ग्रीनबद्दल लिहायचंय. गिटारवाला. १९३७ ला आला आणि १९८७ ला मरेपर्यंत जवळजवळ सगळं आयुष्य याच बँडमध्ये काढलं. सोलो जवळपास नाहीच, अँप्लिफायर नाही, साधी अकूस्टिक गिटार आणि प्रत्येक बारमध्ये (चार मात्रांच्या आवर्तनात) चार स्ट्रोक, बस. रेकॉर्डिंगमध्ये कान देऊन शोधावी लागते, पण तंबोऱ्यासारखं आहे ते, नसेल तर लगेच कळतं.

आज हेडफोन लावून नील हेफ्टी या संगीतकाराने या बँडसाठी लिहिलेली 'लिल डार्लिन' परत परत ऐकली. काय संथ चाल आहे! एवढ्या कमी लयीत स्विंग, म्हणजे जॅझचा तो झुलता ठेका, टिकवणं महाकठीण, जरा कुणी घाई केली की सगळं गेलं. सॅक्स आणि ब्रासवाले (ट्रम्पेट, ट्रॉम्बोन) बीटच्या किंचित मागे रेंगाळतात, गिटार मात्र जागची हलत नाही, आणि त्या दोघांमधल्या बारीकशा फटीत सगळा जीव आहे.

ही फट कागदावर लिहिता येत नाही. नोटेशन कुणालाही मिळेल, पण किती मागे रेंगाळायचं हे जुन्या वादकाच्या शेजारच्या खुर्चीत बसूनच अंगात मुरतं. म्हणून कुणी या बँडला म्युझियम म्हणालं की मला मनापासून राग येतो. आत्ताचा लीडर स्कॉटी बार्नहार्ट १९९३ पासून तिथे ट्रम्पेट वाजवत होता, २०१३ ला बँड त्याच्या हाती आला. २०२४ ला त्यांच्या अल्बमला ग्रॅमी मिळालं तेव्हा घरातलं कुणी जिंकल्यासारखा आनंद झाला होता मला.

आणि मग आपला चिक चॉकलेट आठवतो. गोव्याचा अंतोनियो झेवियर वाझ, मुंबईत ताजमध्ये बँड घेऊन वाजवायचा, सी. रामचंद्रांच्या गाण्यांतही त्याचा ट्रम्पेट आहे. तो १९६७ ला गेला. त्याचा बँड काही असा पिढ्यान् पिढ्या चालला नाही, आणि याचं मला खरंच फार वाईट वाटतं, कारण वादक आपल्याकडेही तोडीचे होते.